पाय काढू नकोस

मी तोंडाने भल्याभल्यांना तुडवलं आहे. सिंगापूरला तुआसच्या एका कारखान्यात मी क्वालिटीला होते. माल नापास करायची वेळ आली की समोर सहा फुटी सुपरवायझर असो नाहीतर मालकाचा मेहुणा, माझी जीभ कुणाची भीडभाड ठेवत नसे. नवरा म्हणायचा, "तुझ्याशी वाद घालण्यापेक्षा माणूस मुकाट्याने माल पुन्हा बनवून आणेल." पण हे सगळं तोंडापुरतं. पायाचं म्हणाल तर अडतीस वर्षांत माझा पाय चुकून कुणाला लागलाय आणि मी त्याला हात लावून तो कपाळाला लावला नाही, असं कधी झालेलं नाही. माणसाचं सोडा, वर्तमानपत्राला पाय लागला तरी हात जातो. आईने हे लहानपणीच इतकं मुरवलंय की विचार करावा लागत नाही.

या सवयीपायी एका म्हाताऱ्या माणसाच्या मानेला मी दुखापत केली. इतकी वर्षं हे नवऱ्याशिवाय कुणाशी बोलले नाही. आज बोलते.

तेव्हा आम्ही क्लेमेंटीला राहत होतो. नवरा विद्यापीठात संशोधन करायचा, आणि मी पहाटे उठून कंपनीच्या बसने तुआसला जायचे, कारण एमआरटी, म्हणजे तिथली मेट्रो, अजून तिथपर्यंत पोचली नव्हती. दिवसभर उभं राहून पाठीचं भजं झालं होतं. डॉक्टर म्हणाले, व्यायाम करा. एका शनिवारी टायरच्या दुकानावरच्या मजल्यावर पाटी दिसली: ब्राझिलियन जिउ-जित्सू, पहिला वर्ग फुकट. पुण्याच्या माणसाने फुकट हा शब्द वाचून पुढे निघून जायचं म्हणजे पाप. मी जिना चढले.

वर एक लांबट हॉल होता. निळ्या गाद्या अंथरलेल्या, एक घड्याळ सोडलं तर भिंती रिकाम्या, आणि मधोमध साठी उलटलेला एक बुटका माणूस बसलेला. कान सुजून सुजून कायमचे गोळे झालेले. जन्मभर लोकांच्या अंगाखाली कान घासले की असं होतं, हे मला नंतर कळलं. तिशीत हा माणूस एक सूटकेस घेऊन ब्राझीलहून निघाला होता. जिउ-जित्सू म्हणजे काय हे विचारायलाही कुणी येत नव्हतं अशा काळात त्याने एका देशात गॅरेजमध्ये गाद्या टाकल्या, दुसऱ्या देशात चर्चच्या तळघरात, मग आखाती देशात सैनिकांना शिकवलं. त्याच्या शिष्यांच्या शिष्यांचे मोठमोठे हॉल झाले, त्यांच्या दारांवर झगमगते बोर्ड लागले. हा मात्र सिंगापूरला टायरच्या दुकानावर येऊन पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करून बसला होता. भिंतीवर स्वतःचा एक फोटोही नव्हता. "फोटो लावला की लोक फोटोकडे बघतात, समोरच्या माणसाच्या हाताकडे बघत नाहीत," असं म्हणायचे.

आम्ही त्यांना प्रोफेसर म्हणायचो. या विद्येत गुरूला तसंच म्हणतात. माझ्या घरातल्या खऱ्या संशोधकाचा यावर फार जळफळाट व्हायचा. "मी पीएचडी करून अजून कंत्राटावर, आणि हा मनुष्य लोकांचे गळे आवळून प्रोफेसर!"

या खेळात ठोसे नाहीत, लाथा नाहीत. एकमेकांना जमिनीवर पाडायचं, जखडायचं, सांधा नाहीतर गळा पकडायचा. पकडीत सापडलेल्याने हाताने थोपटलं की सोडायचं. मला आवडलं ते हे की जो अशक्त आहे, खाली उताणा पडलाय, त्याचंही यात काही चालतं. त्याने दोन्ही तळवे वरच्या माणसाच्या कमरेवर रोवायचे आणि त्याला तिथेच थोपवून धरायचं. म्हणजे सगळी मदार पायांवर. आणि नेमकं तिथेच माझं घोडं पेंड खात होतं.

पहिल्या दिवशी प्रोफेसर माझ्यासमोर उभे राहिले आणि म्हणाले, "पाय इथे ठेव," आणि आपल्या कमरेवर थाप मारली. मी ठेवला. लगेच काढला, त्यांच्या गुडघ्याला हात लावला आणि कपाळाला नेला.

"हे काय?"

मी सांगितलं. आमच्यात पाय लागला तर असं करतात. त्यातून तुम्ही गुरू.

मला वाटलं हसतील. हसले नाहीत. खाली बसले, दोन-तीनदा प्रश्न विचारून नीट समजून घेतलं. मग म्हणाले, "चांगली पद्धत आहे. दारात ठेवून ये. इथे मी तुझ्या पायावर विसंबून पुढे झुकतो. तू पाय काढलास की मी पडेन. पाय काढू नकोस."

पुढची अडीच वर्षं हे वाक्य मी इतक्यांदा ऐकलं की स्वप्नातसुद्धा ते त्यांच्या मोडक्या इंग्रजीत ऐकू यायचं. बाकीच्या लोकांच्या बाबतीत माझी भीड हळूहळू चेपली. पोटावर, दंडावर, खांद्यावर, जिथे सापडेल तिथे पाय ठेवायला लागले. पण प्रोफेसर समोर आले की पाय आपला चोरासारखा. मग मी माझ्यापुरती एक पळवाट काढली. सकाळी अंथरुणातून उठताना जमिनीला पाय लावायच्या आधी नमस्कार करतात, तसा मी गादीवर चढण्याआधी एकदा वाकून नमस्कार करायचे. मनात म्हणायचे, आज जे काही पाय लागतील त्यांची आत्ताच माफी. त्यानंतर त्यांच्या कमरेवर पाय ठेवायला जमू लागलं. कमरेपर्यंतची माफी आधीच मागून ठेवलेली असायची ना!

मला सगळ्यात जास्त ओळखून होती ती आमच्या हॉलमधली सगळ्यात जुनी विद्यार्थिनी. इथलीच, चिनी, मोठ्या हॉस्पिटलात नर्स. बोलणं कमी आणि नजर अशी की माझीसुद्धा बोलती बंद व्हायची. तिने एकदा मला बजावलं होतं, "तुझा हा नमस्कार तू मनातून काढलेला नाहीस. फक्त पुढे ढकललायस."

माझ्या नाकाला मिरच्या झोंबल्या. "माझे संस्कार आहेत ते. इथे राहायला आले म्हणून सोडून देऊ की काय?"

"सोडू नको. पण अंगावर माणूस असताना नको, लाह," ती इथल्या लोकांच्या लकबीने म्हणाली आणि गादी पुसायला लागली.

तिसऱ्या वर्षी प्रोफेसरांचा डावा हात बधिर व्हायला लागला. चहाचा कप हातातून सुटायचा आणि ते कपाकडेच रागाने बघायचे. मानेच्या दोन मणक्यांमधली चकती सरकली होती. डॉक्टरांनी ऑपरेशन सांगितलं आणि तोवर झटापट पूर्ण बंद. एक धक्का चुकीचा बसला तर हात जाईल, याहून वाईटही होऊ शकेल. हे नर्सबाईंनी आम्हा सगळ्यांना एकत्र बसवून सांगितलं. प्रोफेसर शेजारी बसून मांडीवरचा धागा काढत होते, जसं काही दुसऱ्याच कुणाबद्दल चाललंय.

त्यानंतर आठवड्याने त्यांनी मला बाजूला बोलावलं. "ऑपरेशन पुढच्या महिन्यात. नंतर मी गादीवर येणार नाही. तुझा निळा बेल्ट राहिलाय. शनिवारी घेऊ."

मला धडकीच भरली. कारण त्यांचा एक नियम होता आणि तो त्यांनी कुठल्याही देशात मोडला नव्हता. पांढऱ्यावरून निळा बेल्ट द्यायचा तर त्या विद्यार्थ्याशी पाच मिनिटं ते स्वतः खेळायचे. ज्याचे हातपाय मी माझ्या अंगावर अजमावले नाहीत त्याला मी बेल्ट कसा देऊ, असं त्यांचं म्हणणं.

"प्रोफेसर, दुसऱ्या कुणाशी खेळते. तुम्ही बघा."

"तू मला म्हातारा समजतेस?"

"मी तुम्हाला आजारी समजते."

ते भडकले. ते भडकले की इंग्रजी सोडून त्यांच्या भाषेत बोलायचे, आणि एक अक्षर न कळताही सगळं कळायचं. शेवटी शांत होऊन म्हणाले, "ही जी मोठी मोठी मुलं आहेत ना, ती मला ढकलतील, ओढतील. तुझ्याशी मी खेळू शकतो. तुझे पाय कमरेवर असले की मी त्यांच्यावर झुकतो, मानेवर भार येत नाही. तेवढं पाच मिनिटं कर. पाय काढू नकोस."

नर्सने मला जिन्यात गाठलं. "तू नाही म्हण. त्यांना मी सांगून थकले. तू नाही म्हणालीस तर विषय संपेल."

मी नाही म्हणू शकत होते. कुणाच्याही तोंडावर नाही म्हणायचाच तर मला पगार मिळायचा. पण अडीच वर्षं घाम गाळला होता, बोटं सुजली होती, बरगडी दोनदा दुखावली होती. मला तो बेल्ट हवा होता, आणि त्यांच्याच हातून हवा होता. म्हणून मी होय म्हणाले. हे मी त्यांच्या इच्छेखातर केलं असं स्वतःला बरेच दिवस सांगत होते, पण ते खरं नाही. मला हवा होता.

शनिवारी सकाळी हॉलमध्ये दहाबारा जण भिंतीला टेकून बसले होते. खालून टायरवाल्याच्या मशीनचा आवाज येत होता. मी गादीवर चढताना वाकून नमस्कार केला. नर्सने भिंतीवरच्या घड्याळात पाच मिनिटं लावली आणि माझ्याकडे पाहिलंही नाही.

मी उताणी पडले. प्रोफेसर उभे, पुढे वाकलेले, माझ्या दोन्ही बाह्या मुठीत धरलेले. माझे तळवे त्यांच्या कमरेच्या हाडांवर. त्यांचा भार जाणवत होता आणि तो किती कमी झालाय हेही. डाव्या मुठीत जोर नव्हता, बाही नुसती अडकवल्यासारखी वाटत होती. पहिलं मिनिट माझा श्वास छातीतच अडकला होता. ते डावीकडे सरकले की मी डावीकडे, ते उजवीकडे की मी उजवीकडे. "गुड," ते पुटपुटले. "श्वास घे."

दुसरं मिनिट बरं गेलं. घामाने माझे तळवे निसरडे व्हायला लागले होते, तरी मी हिंडून फिरून ते कमरेवर आणत होते. मला वाटायला लागलं की जमतंय. एकदा तर मी हसलेसुद्धा.

तिसऱ्या मिनिटाला त्यांनी त्यांचा जुना डाव टाकला. खांदा खाली घालून माझ्या उजव्या पायाखालून निसटायचं आणि बाजूने वर यायचं. माझा तळवा कमरेवरून सटकला, छातीवरून वर घसरला आणि थेट त्यांच्या गालावर जाऊन बसला. सबंध तळवा. दाढीचे खुंट टोचले मला.

कमरेपर्यंतची माफी मी मागून ठेवली होती. तोंडाची नव्हती.

तेव्हा मी काय विचार केला असं नर्सने मला नंतर विचारलं. अगं, विचार केला असता तर काय हवं होतं! पाय चटका बसल्यासारखा मागे आला. त्यांच्या अधू मुठीतून बाही सोडवून माझा हात त्यांच्या गालाकडे गेला आणि तिथून माझ्या कपाळाकडे. त्यांचा सगळा भार त्या एका पायावर होता. ते माझ्या खांद्याजवळ डोक्यावर आपटले. मान वाकली आणि अंग वरून आलं. आवाज फार मोठा नव्हता, ओली चादर जमिनीवर टाकावी तेवढाच. माझा हात तोवर कपाळाला पोचला होता.

"कुणी हात लावू नका!" नर्स ओरडली. एका उडीत ती आत आली आणि त्यांचं डोकं दोन्ही तळहातांत धरून गुडघ्यांवर बसली. "पाय हलवा. उजवा. डावा. आता उजवा हात."

पाय हलले. उजवा हात हलला. डावा हलेना. त्यांनी डोळे मोठे करून त्या हाताकडे पाहिलं, कपाकडे बघायचे तसंच, पण या वेळी त्यात राग नव्हता, भीती होती. इतक्या वर्षांत मी त्या माणसाच्या डोळ्यांत भीती पहिल्यांदा पाहिली आणि ती मी घातली होती. तोंडातून सॉरी, सॉरी एवढंच निघत होतं.

ॲम्ब्युलन्स येईपर्यंत त्यांनी एकच प्रश्न विचारला. "किती उरली?"

नर्सने घड्याळ थांबवलं होतं. "दोन मिनिटं."

ऑपरेशन महिन्याने व्हायचं ते त्याच संध्याकाळी झालं. जीव वाचला, चालायला येणार होतं. डाव्या हाताची बोटं मात्र मिटत नव्हती. डॉक्टर म्हणाले, हे आधीपासूनच होत आलेलं होतं, आज ना उद्या झालंच असतं. मी नर्सला विचारलं, हे खरं आहे का? ती खोटं बोलत नाही, तिचा तो स्वभावच नाही. म्हणाली, "झालं असतं कदाचित. पण झालं शनिवारी."

मी हॉलमध्ये जायची बंद झाले. फळं घेऊन दोनदा हॉस्पिटलच्या लिफ्टपर्यंत गेले आणि परत आले. कारखान्यात तर मी अशी गप्प झाले की तो सहा फुटी सुपरवायझर विचारायला आला, बरं नाही का. नवऱ्याने चहा पुढे ठेवत सांगितलं, "अगं, एकदा जा, पाया पड आणि मोकळी हो."

"मोकळी होऊन काय करू? त्यांचा हात येणार आहे का परत?" मी त्याच्यावर खेकसले. मग रडले.

पाच आठवड्यांनी नर्सचा मेसेज आला. शनिवार, सकाळी दहा, पोशाख घेऊन ये. बस्स. मी त्या जिन्याच्या खाली पंधरा मिनिटं उभी होते. टायरवाल्याने विचारलं, पंक्चर आहे का?

वर सगळे भिंतीला टेकून बसले होते, त्या दिवशीसारखेच. गादीच्या कडेला बुटक्या स्टुलावर प्रोफेसर. गळ्याला कडक पट्टा, डावा हात मांडीवर ठेवलेला, कुणी विसरून गेल्यासारखा. वजन उतरलं होतं. मला पुढचं काही दिसेना. मी तशीच गेले आणि त्यांच्या पाया पडायला वाकले.

त्यांनी दोन्ही पाय चटकन स्टुलाखाली ओढून घेतले. मी पुढे वाकलेली, हात रिकामे, तोल जाऊन गुडघ्यांवर आपटले.

"कळलं?" ते म्हणाले. "असं वाटतं."

मी मान खाली घालून "कळलं" म्हणाले. त्यांनी माझी समजूत घालायला बोलावलं असावं असं मला वाटलं होतं. तसं काही नव्हतं.

"दोन मिनिटं उरली आहेत," ते म्हणाले. "झोप."

मी नर्सकडे पाहिलं. तिचा चेहरा दगडासारखा. पण ती त्यांच्या मागे जाऊन बसली आणि त्यांचा बेल्ट मागून दोन्ही हातांनी घट्ट धरला. "त्यांना मी पडू देणार नाही," ती मला म्हणाली. "तू तुझं बघ." तिच्या खांद्यावर घडी केलेला निळा बेल्ट होता.

मी उताणी पडले. डावा तळवा त्यांच्या कमरेवर ठेवला आणि उजवा त्यांनी सांगितला तिथे, छातीच्या मधोमध. कुणीतरी घड्याळ सुरू केलं. प्रोफेसर हळूहळू पुढे झुकले. आधी थोडेसे, मग आणखी, मग सगळे. त्यांचं हृदय माझ्या तळव्याखाली धडधडत होतं. हा पाय आता सटकला तर काय होईल, हेच मनात. मी गुडघा ताठ केला.

"श्वास घे."

घेतला.

मग त्यांनी उजव्या हाताने माझा डावा घोटा धरला, तो पाय कमरेवरून उचलला, आणि तळवा आपल्या गालावर ठेवला. तोच गाल. दाढी वाढलेली होती.

पाय मागे यायला निघाला होता, हे मला पोटरीत कळत होतं. हात गादीवरून उठला. आई गं, मी मनात म्हणाले, बघू नकोस. उठलेला हात मी गादीवर परत आपटला आणि चादर धरावी तशी गादीची कड मुठीत धरून ठेवली. डोळ्यांतून पाणी कानांत जात होतं. ते बघत होते माझ्याकडे, तळव्याच्या कडेने, पापणी न हलवता.

घड्याळ वाजलं. भिंतीकडे बसलेल्यांपैकी कुणी हललं नाही. मीही नाही. नर्सने त्यांना मागे ओढून सरळ बसवलं, पायांवरचा त्यांचा भार गेला, तरी माझे दोन्ही पाय हवेत तसेच, जिथे त्यांनी ठेवले होते तिथे.

"आता काढ," प्रोफेसर म्हणाले.